जुन्या चित्रफितींतून नवी कलाकृती : नवोदित दृश्यकलाकारांसाठी मार्गदर्शक

अभिलेखागारात किंवा एखाद्या कुटुंबाच्या पेटीत उरलेले जुने चित्रण घेऊन त्यातून नवी दृश्यकलाकृती घडवण्याची परंपरा आता शंभरीच्या उंबरठ्यावर आहे. एस्फिर शुब या सोव्हिएत संकलिकेने १९२७ मध्ये झारच्या घराण्याचे खासगी चित्रण आणि जुने वार्तापट जोडून एक संपूर्ण चित्रपट उभा केला. जोसेफ कॉर्नेल या अमेरिकी कलाकाराने १९३६ मध्ये एका साहसपटाची टाकून दिलेली प्रत कापली, तिची गती मंदावली आणि निळ्या काचेतून ती पडद्यावर दाखवली. या दोघांची कामे इतरांनी टिपलेल्या चित्रणावर उभी होती, आणि तरीही ती निःसंशय त्यांची स्वतःचीच होती. या वाटेने पहिल्यांदाच जाऊ इच्छिणाऱ्यांना आरंभापासून प्रदर्शनापर्यंत काय करावे लागते, ते या लेखात क्रमाने सांगितले आहे.

या लेखामागे माझी एक ठाम धारणा आहे, आणि ती आधीच सांगितलेली बरी. चित्रफितीची गती, तिची चौकट, तिचा रंग, तिच्यावरचे डाग यांविषयी घेतलेला प्रत्येक तांत्रिक निर्णय हा भूतकाळ कसा आठवला जावा याविषयीचा निर्णय असतो. म्हणून तो यंत्राच्या किंवा सॉफ्टवेअरच्या सवयीवर सोडून देता येत नाही.

पहिली पायरी : लहान चित्रफीत आणि नेमका प्रश्न

‘स्मृती’ हा विषय इतका विस्तीर्ण आहे की त्यापासून सुरुवात करणारा नवोदित बहुधा सुंदर पण परस्परांशी संबंध नसलेल्या दृश्यांचा ढीग गोळा करून थांबतो. त्याऐवजी एकच छोटी चित्रफीत निवडावी आणि जे तिला विचारता येईल तेच विचारावे. कॅमेरा कोणाच्या हातात होता, तो केव्हा सुरू झाला आणि केव्हा बंद केला गेला, कोण सतत चौकटीत आहे आणि कोण कधीच नाही, हे प्रश्न साधे वाटतात, परंतु बहुतेक चांगल्या कामांचे मूळ अशाच प्रश्नात सापडते. घरगुती चित्रणात वाढदिवस, सहली आणि लग्ने भरपूर असतात. आजारपण, भांडण आणि रोजची कामे जवळजवळ नसतात. कुटुंबाने स्वतःविषयी काय लक्षात ठेवायचे ठरवले होते, ते या निवडीवरून कळते.

या निवडीत यंत्राचाही हात असतो. १९६५ मध्ये बाजारात आलेल्या सुपर ८ फिल्मच्या एका डबीत ५० फूट फिल्म मावत असे, म्हणजे ३६०० फ्रेम (एकेक स्थिर चित्रे), आणि सेकंदाला १८ फ्रेमच्या गतीने त्यांचे चित्रण ३ मिनिटे २० सेकंदांत संपत असे. एवढीच मिनिटे हाताशी असलेला माणूस प्रत्येक दृश्य काही सेकंदांतच उरकतो, कॅमेऱ्यासमोरच्या माणसांना हात हलवायला सांगतो आणि पुढच्या क्षणासाठी फिल्म राखून ठेवतो. त्या चित्रणात जाणवणारी घाई आणि माणसांचा अवघडलेपणा यांना डबीची लांबीही कारणीभूत आहे, ही गोष्ट एकदा ध्यानात आली की स्मृती आणि तंत्रज्ञान यांचा संबंध अमूर्त राहत नाही.

दुसरी पायरी : शोध

चित्रण मिळवण्याचे मार्ग मुख्यतः तीन आहेत : खुले डिजिटल संग्रह, संस्थात्मक अभिलेखागारे आणि खासगी रिळे. खुल्या संग्रहांत प्रेलिंगर संग्रह नवोदितांसाठी सर्वांत सोयीचा आहे. रिक प्रेलिंगर यांनी तो १९८२ मध्ये सुरू केला. शैक्षणिक, औद्योगिक, जाहिरातवजा आणि हौशी अशा, सहसा कोणी जपून न ठेवणाऱ्या चित्रफिती त्यांनी त्यात जमवल्या. २००२ मध्ये मूळ फिल्मचा मोठा साठा अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसकडे गेला, आणि त्यातील हजारो चित्रफिती इंटरनेट अर्काइव्हवरून उतरवून घेता येतात. अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागारात सरकारी चित्रणाचा प्रचंड साठा आहे. ॲमस्टरडॅमच्या आय फिल्म म्युझियमने तर ओळख न पटलेल्या तुकड्यांचा स्वतंत्र संग्रह जपला आहे. नाव, साल आणि दिग्दर्शक माहीत नसलेल्या तुकड्यालाही जपण्याजोगे मूल्य असते, हे मानणाऱ्या त्या निर्णयाबद्दल मला फार आदर वाटतो.

सूचीत शोध घेताना भावनावाचक शब्द वापरू नयेत. ‘विरह’ किंवा ‘बालपण’ असे शोधल्यास हाती काही लागत नाही, कारण सूची तयार करणाऱ्याने दिसले तेच लिहिलेले असते : गोदी, टेलिफोन केंद्र, शाळेची कवायत, पूर. स्थळ, व्यवसाय, यंत्र आणि ऋतू यांच्या नावांनी शोधावे, आणि त्या काळात प्रचलित असलेले जुने शब्दही वापरून पाहावेत. सूचीतील वर्णनही कोणीतरी विशिष्ट काळात, विशिष्ट नजरेने लिहिलेले असते. वसाहतकाळातील चित्रणात गोऱ्या अधिकाऱ्याचे नाव नोंदलेले असते आणि शेजारी उभ्या असलेल्या दहा माणसांचा उल्लेख ‘स्थानिक लोक’ एवढाच असतो. असे आढळल्यास तीही आपल्या कामाची सामग्रीच समजावी.

अभिलेखपालांना पत्र लिहिताना संग्रह क्रमांक, हवा असलेला भाग आणि त्याचा संभाव्य उपयोग स्पष्ट लिहावा. त्यासोबत एक प्रश्न अवश्य विचारावा : ही चित्रफीत तुमच्याकडे कोठून आणि कोणाकडून आली? त्या उत्तरातून पुष्कळदा चित्रफितीपेक्षाही रंजक गोष्ट समोर येते.

जे मिळत नाही त्याचाही विचार शोधाच्या वेळीच करावा. लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार अमेरिकेत तयार झालेल्या पूर्ण लांबीच्या मूकपटांपैकी केवळ १४ टक्के चित्रपट मूळ ३५ मिलिमीटर स्वरूपात संपूर्ण उरले आहेत. एवढ्या मोठ्या उद्योगाची ही स्थिती असेल, तर हौशी आणि वंचितांच्या चित्रणाचे किती उरले असेल, याचा अंदाज बांधता येतो. ज्या दृश्याच्या शोधात आपण निघालो ते कोठेच नाही असे कळणे हा शोधाचा रास्त निष्कर्ष आहे, आणि काही कलाकारांनी कोऱ्या पडद्याला आणि नुसत्या मजकुराला कामात जागा देऊन तो निष्कर्ष मांडलाही आहे.

तिसरी पायरी : हक्क आणि संमती

रीळ हाती असणे आणि त्यातील चित्रणाचा प्रताधिकार असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. जुन्या बाजारातून विकत घेतलेल्या घरगुती रिळाचे मालक आपण होतो. चित्रणाचा हक्क मात्र सामान्यतः चित्रण करणाऱ्याकडे किंवा त्याच्या वारसांकडेच राहतो. मुदतीही देशागणिक बदलतात. अमेरिकेत जुन्या प्रकाशित चित्रपटांना प्रकाशनापासून ९५ वर्षे संरक्षण मिळते, भारतात प्रकाशनानंतर ६० वर्षे, आणि युरोपीय संघात दिग्दर्शक, पटकथाकार, संवादलेखक आणि संगीतकार यांपैकी शेवटच्या व्यक्तीच्या मृत्यूनंतर ७० वर्षे. त्यामुळे एकच चित्रफीत एका देशात मुक्त आणि दुसऱ्या देशात संरक्षित असू शकते. काम जेथे दाखवायचे आहे, तेथील नियम पाहावेत.

एखादे चित्रण इंटरनेटवर पाहता येते म्हणजे ते वापरता येते, हा नवोदितांमधला सर्वांत सार्वत्रिक गैरसमज आहे. ब्रिटिश पाथे या वार्तापट संस्थेने २०१४ मध्ये सुमारे ८५,००० चित्रफिती यूट्यूबवर ठेवल्या. त्या कोणालाही पाहता येतात, परंतु कलाकृतीत वापरण्यासाठी परवाना घ्यावाच लागतो. प्रत्येक तुकड्याचा स्रोत, परवान्याचा प्रकार आणि मिळालेल्या पत्रांच्या प्रती पहिल्या दिवसापासून एका ठिकाणी ठेवाव्यात.

कायद्याने मुक्त असलेले चित्रण वापरतानाही एक प्रश्न उरतोच, आणि तो माझ्या दृष्टीने अधिक वजनदार आहे. चौकटीतल्या माणसांना आपण चित्रित होत आहोत हे माहीत होते का, आणि ते नाही म्हणू शकत होते का? रुग्णालये, तुरुंग, अनाथालये, वसाहतींतली जनगणना आणि मानववंशशास्त्रीय मोहिमा यांच्या चित्रणात या प्रश्नाचे उत्तर बहुतेक वेळा नकारार्थी असते. अशा चित्रणाला हात लावायचाच नाही, असे माझे म्हणणे नाही. परंतु त्या समाजातील आज हयात असलेल्या माणसांशी बोलल्याशिवाय, आणि एखादा चेहरा मोठा करून भिंतभर दाखवण्याची आपल्याला खरोखर गरज आहे का हे स्वतःला विचारल्याशिवाय, पुढे जाऊ नये.

चौथी पायरी : रीळ हाताळणे

केवळ डिजिटल प्रतींवर काम करणाऱ्यांनीही हा भाग वाचावा, कारण पडद्यावर दिसणाऱ्या पुष्कळ खुणांचा उगम येथेच आहे. रीळ हाती आले की ते प्रोजेक्टरवर चढवण्याचा मोह टाळावा. जुनी फिल्म आकसलेली असते. आकुंचन १ टक्क्याच्या आसपास पोहोचले की कडेची छिद्रे यंत्राच्या दात्यांशी जुळत नाहीत आणि फिल्म फाटते. प्रकाशित टेबल, भिंग, हाताने फिरवायचे दोन रीळधारक आणि धागे न सोडणारे हातमोजे एवढी सामग्री पाहणीसाठी पुरेशी असते. फिल्म नेहमी कडांना धरावी. तिची मंद बाजू चित्राच्या थराची आणि चकचकीत बाजू पायाची, म्हणजे तो थर ज्यावर दिलेला असतो त्या पारदर्शक पट्टीची, असते.

प्रथम पाया ओळखावा. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत ३५ मिलिमीटर फिल्मसाठी सेल्युलोज नायट्रेट वापरले जात असे, आणि ते अत्यंत ज्वलनशील आहे. जळताना ते स्वतःच प्राणवायू पुरवते, त्यामुळे पाण्याने किंवा झाकून ती आग विझत नाही. १९५० च्या सुमारापूर्वीची ३५ मिलिमीटर फिल्म हाती आल्यास ती घरी उघडून न बसता जवळच्या चित्रपट अभिलेखागाराशी संपर्क साधावा. या बाबतीत धाडसाला मुळीच वाव नाही. १९२३ पासूनची १६ मिलिमीटर आणि १९३२ पासूनची ८ मिलिमीटर ही हौशी मापे घरात वापरण्यासाठीच आखली गेल्याने त्यांचा पाया सामान्यतः ॲसिटेटचा असतो. ॲसिटेट सहजासहजी पेट घेत नाही, पण कुजते. त्यातून ॲसिटिक आम्ल सुटते, डबी उघडताच व्हिनेगरचा उग्र वास येतो, आणि सुटलेले आम्ल कुजण्याचा वेग आणखी वाढवते. असे रीळ इतर रिळांपासून वेगळे, थंड आणि कोरड्या जागी ठेवावे आणि त्याचे स्कॅनिंग आधी उरकावे, कारण ही क्रिया थंडीने मंदावते, उलटवता मात्र येत नाही.

नंतर कडा वाचाव्यात. कोडॅकच्या फिल्मच्या कडेवर वर्तुळ, चौकोन आणि त्रिकोण अशा खुणा असतात आणि त्यांवरून फिल्म कोणत्या वर्षी तयार झाली ते कळते. त्या खुणा २० वर्षांनी पुन्हा येतात, त्यामुळे कपडे, वाहने आणि फिल्मचे माप पाहून नेमके दशक ठरवावे लागते. ती तारीख फिल्म कारखान्यात तयार झाल्याची असते, चित्रणाची नव्हे. प्रत काढताना मूळ फिल्मच्या कडेवरील अक्षरे नव्या फिल्मवरही उमटतात, म्हणून एकाच कडेवर दोन पिढ्यांच्या खुणा एकमेकींवर आलेल्या दिसू शकतात. असे दिसल्यास त्या कडेचे छायाचित्र काढून ठेवावे. प्रतीची वंशावळ तेथे लिहिलेली असते, आणि पुढे एखाद्या कामाचा गाभा म्हणूनही ती उपयोगी पडू शकते.

पाचवी पायरी : स्कॅनिंग

स्कॅनिंग शक्यतो चित्रपटांसाठी बनवलेल्या, दात्यांऐवजी रोलरवर चालणाऱ्या स्कॅनरवर करून घ्यावे. आकसलेली फिल्म त्यावर सुरक्षित राहते. काम देताना चार सूचना लेखी द्याव्यात. संपूर्ण फिल्म, म्हणजे कडा आणि छिद्रांसह, स्कॅन करावी. रंगसुधारणा करू नये. ओरखडे किंवा धूळ सॉफ्टवेअरने काढू नये. आणि प्रत्येक फ्रेम एकदाच घ्यावी, म्हणजे गती बदलण्यासाठी फ्रेमची पुनरावृत्ती किंवा सरमिसळ होणार नाही. या सूचना दिल्या नाहीत, तर अनेक ठिकाणी चित्र आपोआप कापले, उजळले आणि गुळगुळीत केले जाते, आणि एकदा गेलेली माहिती त्या फाइलमधून परत मिळत नाही.

फाइलचा आकार आधीच लक्षात घ्यावा. २०४८ × १५५६ मापाची, १० बिटची एक डीपीएक्स (प्रत्येक फ्रेम स्वतंत्र चित्रफाइल म्हणून साठवणारे स्वरूप) फ्रेम सुमारे १२.७ मेगाबाइटची होते. त्या हिशेबाने सुपर ८ च्या एका छोट्या रिळाच्या ३६०० फ्रेमना सुमारे ४६ गिगाबाइट जागा लागते. हे परवडत नसल्यास एफएफव्ही१ हे हानिरहित, म्हणजे आकार घटवतानाही चित्रातील काहीच न गमावणारे, स्वरूप निवडावे. ते खुले आहे, २०२१ मध्ये त्याचे अधिकृत तांत्रिक वर्णन प्रसिद्ध झाले आहे, आणि अनेक अभिलेखागारे ते वापरतात. संकलनासाठी हलक्या प्रती वेगळ्या काढाव्यात आणि मूळ स्कॅनला कधीही हात लावू नये. तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या माध्यमांवर, त्यांपैकी एक दुसऱ्या इमारतीत, हा जुना नियम येथेही पाळावा.

सहावी पायरी : पाहणे

संकलनाचे सॉफ्टवेअर उघडण्यापूर्वी संपूर्ण चित्रण अनेकदा पाहावे. एकदा मूळ गतीने, एकदा अतिशय संथपणे, एकदा फक्त पार्श्वभूमीकडे लक्ष देऊन आणि एकदा केवळ जोडांकडे आणि कोऱ्या फ्रेमकडे लक्ष देऊन पाहावे. प्रत्येक वेळी वेळसंकेतासह (चित्रणातील नेमक्या मिनिट-सेकंदासह) टिपणे काढावीत, आणि त्यांत अर्थ न लावता दिसले ते लिहावे. ‘आई दुःखी आहे’ असे लिहिण्याऐवजी ‘स्त्री कॅमेऱ्याकडे पाहते, खाली पाहते, पदार्थाचे ताट सरकवते’ असे लिहावे. अर्थ लावण्याची घाई टाळली, तर तिसऱ्या-चौथ्या वेळी आरशात दिसणारा चित्रणकर्ता, खिडकीत उभी असलेली व्यक्ती किंवा कापून टाकलेल्या भागाच्या कडेला उरलेली एकच फ्रेम दिसू लागते. कोणत्याही मार्गदर्शकातून शिकता येत नाही असे काही या कामात असेल, तर ते हे पाहणे आहे. त्यासाठी संकलनाला दिला तेवढाच वेळ द्यावा, असे मी आग्रहाने सांगेन.

सातवी पायरी : गती

मूकपटांच्या काळात चित्रणाची एकच ठरलेली गती नव्हती. कॅमेरे हाताने फिरवले जात, आणि सेकंदाला १६ ते २० फ्रेम किंवा त्याहूनही कमीअधिक गती आढळते. २४ ही गती १९२० च्या दशकाच्या अखेरीस ध्वनीसोबत स्थिर झाली. १६ फ्रेमने टिपलेले चित्रण २४ ने चालवले, की माणसे दीडपट वेगाने धावू लागतात. जुन्या काळची माणसे तुरुतुरु चालत असल्याचा जो समज अनेकांच्या मनात आहे, तो या तांत्रिक विसंगतीतून आला आहे. एका पिढीची चाल पुढच्या पिढ्यांच्या आठवणीत यंत्रामुळे बदलली, याहून या विषयाचे अधिक थेट उदाहरण मला ठाऊक नाही.

योग्य गती ठरवण्यासाठी चालणारी माणसे, पडणारे पाणी, उडी मारणारे मूल यांकडे पाहावे आणि वेगवेगळ्या गतींची तुलना करावी. १६ ची फाइल २४ च्या प्रवाहात बसवायची असल्यास एक सोडून एक फ्रेम दोनदा दाखवता येते, आणि १८ साठी दर तिसरी फ्रेम दोनदा दाखवता येते. त्याने थोडा धक्का जाणवतो, पण पडद्यावर येणारी प्रत्येक फ्रेम कॅमेऱ्याने टिपलेलीच असते.

याउलट कृत्रिम बुद्धिमत्तेवर आधारित साधने दोन फ्रेमच्या मधल्या नव्या फ्रेम तयार करतात. २०२० मध्ये, १८९६ साली प्रथम दाखवल्या गेलेल्या, ल्युमिएर बंधूंच्या आगगाडीच्या चित्रफितीची सेकंदाला ६० फ्रेमची, ४के मापाची अशी एक आवृत्ती इंटरनेटवर गाजली. मूळ चित्रण सेकंदाला सुमारे १६ फ्रेमचे आहे, हे लक्षात घेतले तर त्या आवृत्तीच्या दर चार फ्रेमपैकी जवळजवळ तीन फ्रेम कोणत्याही कॅमेऱ्याने पाहिलेल्या नाहीत. रंग भरणाऱ्या साधनांचीही तीच गोष्ट आहे. सुरुवातीच्या दशकांतील प्रचलित फिल्म लाल रंगाला जवळजवळ आंधळी होती; लाल वस्त्र तिच्यावर काळपट उमटे आणि निळे आकाश पांढरे. त्या करड्या छटेतून मूळ रंग ओळखण्याचा कोणताही मार्ग यंत्राकडे नाही, ते इतर चित्रांच्या आधारे अंदाज बांधते.

ही साधने वर्ज्य करावीत असे मी म्हणणार नाही. माणसाची आठवणही गाळलेल्या जागा अंदाजाने भरत असते, म्हणून यंत्राचा हा अंदाज स्मृतीवर काम करणाऱ्या कलाकारासाठी मोठा विषय आहे. परंतु तो अंदाज आहे हे प्रेक्षकाला कळले पाहिजे. मूळ आणि निर्मित फ्रेम शेजारी ठेवणे, यंत्राने तयार केलेल्या फ्रेमच तेवढ्या वेगळ्या काढून दाखवणे, चेहरा वितळतो ते क्षण न लपवणे, असे अनेक मार्ग आहेत. केवळ ‘आता जुने चित्रण किती जिवंत वाटते’ एवढ्यासाठी वापरलेले साधन मूळ चित्रणावर स्वतःचा काळ लादते, आणि पाहणाऱ्याला त्याचा पत्ताही लागत नाही.

आठवी पायरी : डाग, ओरखडे आणि क्षय

स्वच्छता करताना तीन प्रकारच्या खुणा वेगळ्या ओळखाव्यात. स्कॅनरची धूळ ही आजची खूण आहे, ती खुशाल काढावी. प्रोजेक्टरमुळे पडलेले उभे ओरखडे हे ती चित्रफीत वारंवार पाहिली गेल्याचा पुरावा आहेत. बुरशी, थर सुटणे आणि रंग उडणे या खुणा साठवणुकीविषयी सांगतात. १९५० नंतरच्या अनेक रंगीत प्रतींतील निळसर-हिरवा रंग सर्वांत आधी फिका होतो आणि चित्र गुलाबी होत जाते, तर कोडाक्रोम या कोडॅकच्या रंगीत फिल्मचे रंग अंधारात ठेवल्यास अनेक दशके टिकतात. त्यामुळे एकाच कुटुंबाची दोन उन्हाळ्यांतली चित्रफीत एक गुलाबी आणि एक ताजी, अशी दिसू शकते. रंगसुधारणेने ती दोन्ही सारखी करायची की तो फरक राखायचा, हे कामाच्या प्रश्नावरून ठरवावे.

क्षयाच्या सौंदर्याविषयी एक सावधगिरीची सूचना द्यावीशी वाटते. बिल मॉरिसन यांच्या २००२ च्या ‘डेकेशिया’ या कुजलेल्या नायट्रेट फिल्मवरील कामानंतर बुडबुडे आणि वितळलेले थर ही एक ओळखीची शैली झाली आहे, आणि आज चांगल्या चित्रणावर कृत्रिम ओरखडे टाकणारी साधनेही मिळतात. ती वापरू नयेत. खरा डाग विशिष्ट डबीत, विशिष्ट ओलाव्यात तयार झालेला असतो आणि तो चित्राच्या नेमक्या कोणत्या भागावर येतो याला अर्थ असतो. तो अर्थ उसन्या ओरखड्याला येत नाही.

नववी पायरी : संकलन आणि ध्वनी

संकलनाचा पहिला आराखडा मूळ चित्रणाच्या क्रमानेच करावा. कॅमेऱ्यात ज्या क्रमाने दृश्ये आली तो क्रम मोडण्याचे कारण सापडेपर्यंत तो मोडू नये. त्यानंतर एकाच युक्तीवर काम करून पाहावे : एका हालचालीची पुनरावृत्ती, एका चेहऱ्यावर थांबणे, दोन काळांतील एकच जागा शेजारी ठेवणे. चार-पाच युक्त्या एकत्र आल्या, की चित्रण मागे पडते आणि कौशल्य तेवढे दिसते.

मूक चित्रणाला ध्वनी जोडताना संयम पाळावा. पावलांचे, पक्ष्यांचे आणि लाटांचे आवाज जोडले की प्रेक्षक ते मूळचेच समजतो, आणि करुण पियानो जोडला की त्याने काय वाटून घ्यावे हे आधीच ठरते. शांतता, स्कॅनरचा किंवा प्रोजेक्टरचा खरा आवाज, अथवा चित्रण आज पाहणाऱ्या संबंधित व्यक्तीचे बोलणे, हे पर्याय आधी तपासावेत. त्यांतला शेवटचा पर्याय विशेष फलदायी असतो. तीच चित्रफीत दोन भावंडांना स्वतंत्रपणे दाखवून त्यांचे बोलणे ध्वनिमुद्रित केले, तर एकाच दृश्याविषयी दोघांच्या आठवणी कोठे जुळतात आणि कोठे विसंगत होतात हे स्पष्ट ऐकू येते; ध्वनिमुद्रणापूर्वी मात्र त्याचा उपयोग कशासाठी होणार हे त्यांना सांगून संमती घ्यावी. मूळ ध्वनी असलेली १६ मिलिमीटर फिल्म प्रत्यक्ष कापणाऱ्यांनी लक्षात ठेवावे, की तिच्यावरील प्रकाशीय ध्वनी (फिल्मच्या कडेला चित्ररूपात छापलेला आवाज) संबंधित चित्राच्या २६ फ्रेम पुढे छापलेला असतो, म्हणून कापलेल्या तुकड्यासोबत दुसऱ्याच क्षणाचा आवाज येतो. काही कलाकारांनी ही सरकच कामात वापरली आहे.

दहावी पायरी : दालनात मांडणी

जुन्या चित्रणाची चौकट सामान्यतः ४:३ च्या जवळपास असते. रुंद पडदा भरण्यासाठी ती वरून-खालून कापू नये. दोन्ही बाजूंना काळी जागा सोडावी किंवा त्याच मापाचा पडदा बनवावा. दालनात दूरचित्रवाणी संच वापरणार असल्यास त्यातील हालचाल गुळगुळीत करणारी सोय प्रथम बंद करावी, कारण ती चालू राहिल्यास आपण जाणीवपूर्वक टाळलेल्या कृत्रिम फ्रेम तो संच स्वतःहून तयार करतो. ही तपासणी उद्घाटनाच्या दिवशी आणि नंतर वीज गेल्यावर प्रत्येक वेळी करावी, कारण काही संचांत मूळ मांडणी परत येते.

प्रत्यक्ष फिल्म प्रोजेक्टरवर अखंड फिरवायची इच्छा असेल, तर मूळ रीळ कधीही वापरू नये. पॉलिएस्टर पायावर नवी प्रत काढावी आणि एकाहून अधिक प्रती जवळ ठेवाव्यात. प्रदर्शनाच्या काळात ही प्रत झिजत जाते आणि शेवटच्या दिवशीचा प्रेक्षक पहिल्या दिवशीच्या प्रेक्षकापेक्षा वेगळे चित्र पाहतो. कामाच्या आशयाशी ते सुसंगत असेल तर प्रती बदलू नयेत, पण तसा निर्णय दालनाच्या व्यवस्थापकांना आधी कळवावा. प्रेक्षक मधूनच येतात आणि मधूनच जातात, म्हणून आवर्तनाची सुरुवात कोठेही असली तरी काम समजेल अशी त्याची लांबी ठेवावी. पहिल्या कामासाठी पाच ते दहा मिनिटे पुरेशी आहेत, असे माझे मत आहे.

अकरावी पायरी : नोंद आणि परतफेड

कामासोबत एक नोंदपत्रक तयार करावे. त्यात प्रत्येक तुकड्याचा स्रोत आणि संग्रह क्रमांक, फिल्मचे माप आणि पाया, स्कॅनची तारीख, यंत्र आणि स्वरूप, निवडलेली गती, केलेली रंगसुधारणा आणि काढलेले डाग लिहावेत. यंत्राने निर्माण केलेल्या फ्रेम असल्यास सॉफ्टवेअरचे नाव आणि आवृत्तीही लिहावी, कारण तीच आज्ञा पुढच्या आवृत्तीत वेगळे चित्र देते. दालनातील फलकावर याचा संक्षेप द्यावा. मूळ चित्रणकर्त्याचे नाव माहीत असल्यास ते आपल्या नावाइतक्याच ठळक अक्षरांत यावे, आणि माहीत नसल्यास ‘चित्रणकर्ता अज्ञात’ असे लिहावे. ती जागा रिकामी सोडू नये.

काम पूर्ण झाल्यावर मूळ रीळ डबी बदलून, हवा खेळती राहील अशा बंदिस्त नसलेल्या डबीत, आडवे आणि थंड जागी ठेवावे किंवा एखाद्या अभिलेखागाराकडे सोपवावे. स्कॅनची अस्पर्श प्रत चित्रणाशी संबंधित कुटुंबाला किंवा संस्थेला द्यावी. संकलन करताना ओळखू आलेली माणसे, स्थळे आणि वर्षे यांची यादीही सूचीत भर घालण्यासाठी अभिलेखपालांकडे पाठवावी. ‘स्थानिक लोक’ म्हणून नोंदलेल्या माणसांपैकी एकाचे जरी नाव कळले असेल, तरी त्याच्या कुटुंबीयांना विचारून ते संग्रह क्रमांकासह आवर्जून कळवावे.